बर्फ धरून किती टक्के?

माझगावच्या चर्चमध्ये कन्फेशनच्या रांगेत माझ्यापुढे नवरा-बायको उभे होते.

“ईस्टरपर्यंत दारूला शिवणार नाही म्हणालास ना, आग्नेलो? काल प्यालास. आत जाऊन सांग फादरना.”

“आधी पाप झालं का ते तर बघ, फ्लोरी. क्रुसाखालच्या बाटलीतलं पवित्र पाणी घातलं होतं मी ग्लासात.”

“दारूत?”

“तूच सांगतेस ना, पवित्र पाण्यात साधं पाणी निम्म्याहून कमी मिसळलं तर सगळंच पवित्र? दारू साठ मिली, पाणी नव्वद. दीडशेत नव्वद, म्हणजे साठ टक्के पवित्र.”

“बर्फ?”

“तीन खडे.”

“कुठल्या पाण्याचे?”

“नळाच्या.”

“खड्याला पंधरा मिली धर. एकशे पंच्याण्णवात नव्वद. सेहेचाळीस टक्के. निम्म्याखाली गेलास. जा आत.”

“पण वितळायच्या आधीच ग्लास संपवला गं.”

“एकही खडा वितळला नाही?”

“एक वितळला असेल.”

“मग एकशे पासष्टात नव्वद. थांब जरा. साडेचौपन्न टक्के.”

“बघ.”

ती माझ्याकडे वळली.

“तुम्ही व्हा हो पुढे. आमच्याकडे सांगण्यासारखं काही नाही.”