गाजर आत, आम्ही बाहेर

...नाही, मला सांगा, एक गाजर आणि अर्धा बटाटा, एवढंच तर शिजवायचं होतं! त्याच्यापायी घरातल्या मोठ्या माणसांनी घामाघूम व्हावं? पण झालो! डॉक्टरीणबाई म्हणाल्या, बाळाला आता वरचं सुरू करा, मऊ शिजवून, कुस्करून. मी म्हटलं, पहिला घास माझ्या हातचा, ताजा! म्हणून ज्याची मला सगळ्यात भीती वाटते त्या कुकरला हात लावला. हो, भीती! हसू नका. तुम्ही कधी त्याच्या शेजारी उभं राहून नीट ऐकलंय? आधी गप्प, मग पुटपुटतो, मग दातओठ खातो, आणि मग अशी काही शिट्टी मारतो की माझ्या काळजाचं पाणी होतं. पेलाभर पाण्याची वाफ, आणि केवढा तो दरारा!

तर शिट्ट्या झाल्या, गॅस बंद केला. शहाणं माणूस काय करतं? थांबतं. मी काय केलं? मला वाटलं, आत वाफ असली तर? झाकण उडालं तर? बाळ तेवढ्यात रांगत आलं तर? त्याला अजून रांगता येत नाही, पण तरी! म्हणून कुकर नळाखाली धरला. मन मानेना. ओला टॉवेल गुंडाळला. तरी मानेना. शेवटी वर बर्फ ठेवला, ताप आलेल्या माणसाच्या कपाळावर ठेवतात तसा! मग डोळे मिटून दांडा धरला, फिरवला...

झाकण ढिम्म!

तिकडे बाळाने भोंगा सुरू केला. आमचे हे आले. "अगं, जोर नाही, युक्ती लागते, युक्ती!" असं म्हणाले आणि नुसता जोर लावला. मग म्हणे, "तू भांडं धर, मी झाकण ओढतो." तुम्हाला सांगते, ते ओढतायत, मी धरतेय, आणि कुकरसकट मी फ्रिजपर्यंत घसरत गेले.

झाकण ढिम्म!

बाहेरून सासूबाई, "पातेल्यात शिजत नव्हतं का गाजर? आम्ही नाही का पोरं वाढवली? द्या टाकून तो!"

"अहो आई, कसा टाकू? गाजर आत आहे!"

आवाज ऐकून समोरचे ट्रकवाले भाऊजी आले. "सरका वहिनी, चाकाचे नट सोडतो मी, याचं काय घेऊन बसलात!" बाह्या वर केल्या, कुकर काखेत दाबला... कान लाल, मान लाल, ओट्यावरच्या कपबशा थरथरायला लागल्या...

झाकण ढिम्म!

भाऊजींनी कुकर खाली ठेवला आणि दोन पावलं मागे सरकले. "मानलं बुवा!" आम्ही सगळे त्याच्याभोवती नुसते बघत उभे. मग भाऊजी हळूच म्हणाले, "हातोडी आणू?"

"हातोडी नको!" मी ओरडले आणि बाळाला उचलून दुधाची बाटली त्याच्या तोंडात दिली. चक् चक् चक्... आणि नेहमीसारखं झालं, ओढून ओढून बाटलीचं रबरी बूच चपटं झालं, दूध येईना. मी बाटलीचं झाकण जरासं सैल केलं, चूंऽऽ करून हवा आत गेली, बूच टम्म! आणि मी तशीच उभी राहिले. अगं बाई... आत वाफ नाहीच! वाफेचं कधीच पाणी झालं, माझ्याच बर्फाने! आतली हवा शिट्टीतून आधीच गेलेली, आता आत नुसती पोकळी, आणि बाहेरची हवा झाकणावर मांड ठोकून बसलीय! म्हणजे बघा, जी हवा आपण येता-जाता नाकातून घेतो, जिच्याने पडदासुद्धा धड हलत नाही, ती ट्रकवाल्यांना भारी पडली!

बाळाला सासूबाईंकडे दिलं. कुकरला हात लावून पाहिला, थंडगार. तरी हाताला टॉवेल गुंडाळला, तोंड वळवलं, आणि लांब डावाने शिट्टी हळूच उचलली...

सुऽऽऽस! बाहेर नाही हो, आत! कुकरने अस्सा श्वास ओढला, जसं कोणी पाण्यातून डोकं वर काढावं! आणि झाकण? एका बोटाने फिरलं!

गाजर कोमट करून कुस्करलं, पहिला घास भरवला. बाळाने तोंड वाकडं केलं... थांबलं... आणि आ केला! पुन्हा आ! सासूबाईंचे डोळे भरले, भाऊजी टाळ्या वाजवतायत, वाटी चाटूनपुसून साफ, आणि बाळ पुन्हा आ करून बघतंय माझ्याकडे. आता कुठून देऊ? भीतीपोटी कुकरमध्ये टाकलं होतंच केवढं!

ह्यांना एकदम ऑफिसचा फोन आठवला. भाऊजींना ट्रक आठवला. आणि सासूबाई बाळाला काखोटीला मारून दारातून म्हणाल्या, "लाव गं परत कुकर, घाबरू नकोस. आम्ही सगळे आहोत ना... पलीकडच्या खोलीत!"