सहाचा नऊ

...तर आता मी कातडीला जेवायला घालते! हसताय काय? खरंच सांगते. बावीस वर्षं त्या लॅबमध्ये सशांचे पिंजरे धुतले, गवत घातलं, मलमाची पट्टी लावताना ससा मांडीवर धरून "झालं रे राजा, झालं" म्हटलं, आणि झालेलं कुठं काय असायचं, सुरू व्हायचं असायचं सगळं! आणि आता काय, तर वाटी. बाटलीच्या झाकणाएवढी. तिच्यात माणसाची कातडी वाढवतात. माणूस नाही हो, नुसती कातडी! मलम तिलाच लावायचं, आग होते का ते तिनंच सांगायचं. तक्रार नाही हो माझी... पण पहिल्याच दिवशी डॉक्टरबाई म्हणाल्या, "मावशी, वाट्यांना खायला घाला," आणि मी बावळट प्रत्येक वाटी डोळ्याशी नेऊन तोंड शोधत बसले! खायला म्हणजे गुलाबी पाणी बदलायचं, हे आधी सांगायला नको?

आमच्या घरचे तर काय, टपलेलेच. दारात चप्पल काढते न काढते तोच, "काय गं, कातडं जेवलं का पोटभर? की रुसून बसलंय?" म्हटलं, रुसत नाही, ओरडत नाही, लाथ मारत नाही. तर म्हणतात, "मग तुला करमतं कसं?" बघा! बोलण्यात हसू, पण बरोबर दुखऱ्या जागी.

कारण मला लाथ मारणारा एक होता ना! साहेब. मीच ठेवलेलं नाव. पिंजऱ्याशी जायला जरा उशीर झाला की मागचा पाय धाडकन आपटायचा, अगदी आमच्या मोठ्या साहेबांसारखा. नाव ठेवायचं नाही असा नियम, आकडाच लिहायचा, मार्करनं, कानाच्या आतल्या बाजूला. लिहायचे मीच, दर सोमवारी. पण आकडा कानावर, नाव मनात. आकडा कोण पाठ करतं हो? पोटच्या पोराला कुणी हजेरी नंबरानं हाक मारतं का?

तर ससेखाना बंद व्हायला आला, दोनच ससे उरले. साहेब, आणि दुसरी ती चिडकी, जिचे दात माझ्या अंगठ्यावर अजून आहेत. डॉक्टरबाईंनी बोलावलं. "मावशी, एकावर शेवटची पट्टी लावायची. वाटीचं उत्तर आणि सशाचं उत्तर जुळतं का, ते वरच्यांना कागदावर हवंय. दुसरा तुम्ही घरी न्या. कुठला, ते तुम्हीच लिहा." पट्टी लागलेला ससा आमच्याकडे दाराबाहेर जात नाही. पुढचं विचारू नका.

मी? धावतच गेले! चष्मा टेबलावर, फॉर्म हातात, आणि साहेब माझ्याकडे पाठ करून खिडकीकडे तोंड करून बसलेला. कान ताठ, मागून ऊन, कान असा गुलाबी कागदासारखा उजळलेला आणि त्यातून आकडा स्वच्छ दिसला. नऊ. लिहिला नऊ. खाली सही, ठसठशीत.

आता तुम्ही पातळ कागदावर आपला मराठी सहा काढा, उजेडाला धरा आणि मागून बघा. काय दिसतं?

तक्रार नाही हो माझी... पण मला दुसऱ्या दिवसापासून वाट्यांच्या खोलीत घातलं, आणि वाट्यांच्या खोलीतल्या माणसानं ससेखान्यात पाऊल ठेवायचं नाही. अंगावरून एक केस आला आणि वाटीत पडला की आठवड्याची मेहनत पाण्यात! म्हणून खोका ड्रायव्हरनं घरी पोचवला. संध्याकाळी मी दार लावलं, पदर खोचला, "या साहेब" म्हणत झाकण उघडलं... आणि अंगठ्याला कचकन चावा!

फोन लावला. बाई म्हणाल्या, "अहो मावशी, पट्टी तर सकाळीच लावली. सहा नंबरला. तुम्हीच लिहिलंत ना, नऊ घरी?" मी म्हटलं, हो, मीच. मग मला बरं वाटावं म्हणून म्हणाल्या, "तंतोतंत जुळलं हो! वाटीनं सांगितलं होतं तेच आलं."

वाटीनं सांगितलं होतं! आधीच! मग त्याला कशाला विचारलं? हे मी तोंडानं नाही म्हटलं. मोठ्यानं एवढंच म्हटलं, "बरं झालं बाई."

तशी चिडकी आता घरात रुळलीय. माझ्या दोन चपला खाल्ल्या, ह्यांच्या पायाशी झोपते. हे विचारतात, "नाव काय ठेवायचं हिचं?" मी तिचं गवत निवडायला घेते. जेवायला हाक मारताना तोंडातून "साहेब" जातं, आणि ती काही येत नाही. का यावं तिनं?

आणि वाट्यांवर नंबर मीच घालते अजून. परवा डॉक्टरबाई थबकल्या. "मावशी, हे काय? आकडे सोडून अक्षरात? 'सहा'... 'नऊ'... अहो, वाटीला कोण मागून बघायला जातंय!"

म्हटलं, असू दे बाई. तक्रार नाही हो माझी. उशिरा आलेली अक्कल आहे, ती अक्षरातच लिहिलेली बरी.