कुबडी माझी, हिरो मगन

...आणि वर मलाच म्हणतो, "काका, तुम्ही लंगडे वाटत नाही!" घ्या! अहो, डावा पाय लहानपणीच वाळला, उभा जन्म कुबडीवर गेला, आणि हा सुकलाल... लग्नाची व्हिडिओ शूटिंग करतो हो, नवरीच्या तोंडाभोवती गुलाब फिरवणारा... हा मला सांगतो!

तुम्हाला सांगतो, त्याला सुचला पिक्चर. लंगड्या कारागिराचा. आमच्या बमरोलीच्या केबलवर दाखवणार. म्हटलं, चला, गल्लीनं एकदा टीव्हीवर बघितलं की हा लोटू मरायला मोकळा! लूमखात्यात बसून सुताच्या कांड्या भरणारा आयता लंगडा, अजून काय पाहिजे? तर हिरो कोण? मगन! सुकलालच्या बायकोचा भाऊ. दोन्ही पाय ठणठणीत. पण बायकोच्या भावाला नाही म्हणायची छाती आहे का कुणाची? पाय माझा, आणि लंगडणार मगन!

विचारलं, "का रे, माझ्यात काय खोट?" तर म्हणतो, "रेवा दो ने, काका, राहू द्या! तुम्ही सारखे हसता. अपंग माणूस कसा... बघूनच बाया रडल्या पाहिजेत." अरे, अपंग काय चोवीस तास रडत बसतो? त्याला भजी आवडत नाहीत? तो बायकोशी भांडत नाही? आमच्या अनुसयेला विचारा... सारी चाळ तिच्यासाठीच रडते!

मग मला काम काय? मगनला लंगडायला शिकवायचं! वर माझीच कुबडी त्याला द्यायची. तो हिंडतोय, आणि मी ओट्यावर, मखरातल्या गणपतीसारखा, कुणी हलवेल तेव्हा हलायचं! पाय माझा, आणि लंगडणार मगन!

शेवटचा सीन. खाडीकाठचं देऊळ. मगन घंटा वाजवतो आणि पाय बरा! मला बसवलेलं पायरीवर, तिथून ओरडलो, "अरे, घंटेनं पाय बरा होत असता तर मी पुजाऱ्याला झोपू दिलं असतं का?" ऐकतो कोण! मगन आला रंगात, "देवा, मी चालतोय!" आणि भिरकावली कुबडी... थेट खाडीत! माझी! सुतारासमोर बसून काखेच्या मापानं करून घेतलेली! मग काय... उठलो, आणि एका पायावर उड्या मारत, शिव्या घालत मगनच्या मागे! तो पुढे "चालतोय, चालतोय" करत पळतोय, आणि सुकलाल कॅमेरा बंद करायचंच विसरला! पुन्हा घ्यावा, तर फेकायला कुबडी कुठाय? सीन तसाच राहिला.

लागला पिक्चर केबलवर. मगन रडला, चाळ गप्प. मगननं घंटा वाजवली, चाळ गप्प. आणि मी आलो उड्या मारत... शिट्ट्या! टाळ्या! माणसं जमिनीवर लोळतायत! मी छाती फुगवून बसलो. म्हटलं, जिंकलास रे लोटू! शेवटी खरा लंगडा तो खराच!

तेवढ्यात शेजारची पुष्पाबाई, हसून हसून आलेलं पाणी पदरानं पुसत, काय म्हणाली असेल?

"मगन भारी लंगडना, भाऊ. तुमनं मातर... जरा जास्तीच व्हई गयं!"