पुलाच्या अलीकडे

क्लिफ्टन: …तर धाकट्या मार्सीला म्हटलं, तू फक्त आईच्या ओठांना पाणी लावत राहा, आम्ही दोघं निघालोच— अरे! बघितलंस त्याला? दिवा न दाखवता सरळ आडवा घुसला! मूर्ख लेकाचा. लागलं नाही ना तुला, नेटा?

व्हर्नेटा: नाही. पिशवी पडली फक्त.

क्लिफ्टन: पिशवी पडली की हातोडा? केवढ्यानं आदळली! काय घेऊन चाललीस, लोखंडी तवा?

व्हर्नेटा: तू पुढे बघ.

क्लिफ्टन: बघतोय. पूल समोर दिसतोय, नदी दिसतेय, पलीकडची न्यू जर्सी दिसतेय. पिशवीत काय आहे ते तेवढं दिसत नाही.

व्हर्नेटा: माझं पिस्तूल आहे.

क्लिफ्टन: काय आहे?

व्हर्नेटा: ओरडू नकोस. परवाना आहे माझ्याकडे. शेरीफच्या कचेरीत जाऊन काढलाय. लपवून बाळगायचा, रीतसर.

क्लिफ्टन: कुठल्या राज्याचा?

व्हर्नेटा: हा काय प्रश्न झाला? मी राहते कुठे? पेनसिल्व्हेनियाचा.

क्लिफ्टन: मग आपण चाललोय कुठे?

व्हर्नेटा: अरे, बाहेर कुठे वळलास? पूल सरळ आहे! क्लिफ! पुलाआधीचा शेवटचा फाटा आहे हा, पुन्हा रांगेत शिरायला अर्धा तास जाईल!

क्लिफ्टन: जाऊ दे.

व्हर्नेटा: जाऊ दे? मार्सीनं फोनवर आईचा श्वास कसा चाललाय ते सांगितलं, ऐकलंस ना? मध्येच थांबतो, मग एकदम घोट घेतल्यासारखा येतो. तुझ्यासाठी तो नुसता श्वास आहे. मी बावीस वर्षं नर्स आहे. मला त्याचा अर्थ कळतो. उद्याची सकाळ नाही दिसायची तिला.

क्लिफ्टन: माहितीये मला. म्हणूनच वळलो. हे बघ, इथं फर्निचरचं दुकान बंद आहे, पटांगण मोकळं आहे. मी गाडी थांबवतो, आणि तू नीट ऐक. तो परवाना पुलाच्या मधोमध रद्दी होतो. पलीकडे पिशवीत पिस्तूल सापडलं की तू परवानेवाली बाई नाहीस. चोरून हत्यार बाळगणारी बाई आहेस. सरळ तुरुंग. वर्षांच्या हिशेबात, महिन्यांच्या नाही.

व्हर्नेटा: काहीतरीच बोलू नकोस. ड्रायव्हिंगचा परवाना चालतो ना तिकडे? लग्नाचा दाखला चालतो ना? पूल ओलांडला की माणसाचं लग्न मोडतं का?

क्लिफ्टन: माझं मोडलं होतं.

व्हर्नेटा: चेष्टा नको.

क्लिफ्टन: चेष्टा नाही. आमच्या डेपोतला वेंडेल आठवतो? उंच, दात सोन्याचा. पोराला खेळाच्या शिबिराला सोडायला गेला होता तिकडे. मागचा एक दिवा गेला होता गाडीचा. पोलिसानं थांबवलं, तर हा शहाणा स्वतःहून म्हणाला, साहेब, माझ्याकडे परवाना आहे आणि पिस्तूलही आहे. इमानदारीनं सांगितलं. पोरासमोर बेड्या घातल्या त्याला. वकिलानं तडजोड केली म्हणून लवकर सुटला. पण नोकरी गेली, आणि पोराची आई पोराला घेऊन गेली ती गेलीच.

व्हर्नेटा: मी ओहायोला नेलं होतं. डोरथाच्या लग्नाला. तिथं कोणी काही बोललं नाही.

क्लिफ्टन: ओहायोत चालतं! तिथं चालतं, इथं चालत नाही, आणखी कुठं आणखी काही. राज्याराज्यात वेगळं आहे, बाई! ते पाहून निघायचं असतं!

व्हर्नेटा: मग डिकीत ठेवू. गोळ्या काढते. कुलूपबंद डबा आहे माझ्याकडे.

क्लिफ्टन: ती सवलत राज्यातून नुसतं पार होऊन जाणाऱ्याला आहे. पुढं जिथं पोचायचं तिथंही चालत असेल तर. आपण पार होत नाही आहोत, आपण तिथंच मुक्काम करतोय. मार्सीच्या सोफ्यावर. गोळ्या कसल्या आहेत?

व्हर्नेटा: दुकानदारानं दिल्या त्या. टोकाला पोकळ असतात.

क्लिफ्टन: देवा. त्यांचा वेगळा गुन्हा लागतो तिकडे. झाडाखाली टाकून देऊ का? नको, ऐकलंच नाहीस असं समज. कुणाच्या पोराच्या हाती लागेल. बंदुकांच्या दुकानात ठेवून घेतात, पण आज रविवार. तू कशाला आणलंस गं हे? आईला भेटायला चाललीस तू, लढाईला नाही!

व्हर्नेटा: तू जा.

क्लिफ्टन: कुठे?

व्हर्नेटा: आईकडे. मी इथंच उतरते. कोपऱ्यावर खानावळ आहे, तिथं बसते. परत येताना मला घे.

क्लिफ्टन: डोकं फिरलंय का तुझं? सकाळपासून ती तुझं नाव घेतेय. माझं एकदाही नाही, हे मी मनाला लावूनही घेतलं नाही. आणि तू खानावळीत बसून अंडी खाणार?

व्हर्नेटा: मला त्याच्याशिवाय कुठेच जाता येत नाही, क्लिफ.

क्लिफ्टन: कशाशिवाय?

व्हर्नेटा: मी न्हाणीघरातसुद्धा नेते. बेसिनच्या कडेला ठेवते. कचऱ्याचा डबा बाहेर ठेवायला जाते ना, तेव्हाही झग्याच्या खिशात असतं. तुझ्याकडे जेवायला येते तेव्हा असतं. नाताळला होतं. तुझ्या नातीला मांडीवर घेतलं होतं तेव्हा पिशवी मी पायाखाली दाबून धरली होती.

क्लिफ्टन: केव्हापासून?

व्हर्नेटा: गेल्या हिवाळ्याच्या आधीच्या हिवाळ्यापासून.

क्लिफ्टन: काय झालं होतं?

व्हर्नेटा: गाडी बंद का केलीस? चालू ठेव. मला हवा लागते.

क्लिफ्टन: चालू केली. काय झालं होतं, नेटा?

व्हर्नेटा: त्या हॅस्केल म्हाताऱ्याच्या पायाची जखम धुवायला जात होते मी, आठवतं? त्याच्या इमारतीखालच्या गाडीतळावर. दोघं होते. त्यांना वाटलं, नर्स आहे म्हणजे बॅगेत दुखण्याच्या, नशेच्या गोळ्या असणार. माझ्याकडे पट्ट्या आणि मिठाचं पाणी. ते बघून एकाला राग आला. फसवलं असं वाटलं असेल त्याला. माझ्या गळ्यात ओळखपत्राची फीत होती. त्यानं ती मागून धरली आणि पिळली. हातावर गुंडाळत गेला. मी गाडीच्या काचेत त्याला बघत होते. घाई नव्हती त्याला काही.

क्लिफ्टन: मग?

व्हर्नेटा: मग फीत तुटली. मी काही केलं नाही. फीत हलकी होती म्हणून तुटली. नवीन आलेल्या पक्क्या फिती मी घेतल्या नव्हत्या, कंटाळा केला होता. एवढंच.

क्लिफ्टन: तेव्हा गळ्याला रुमाल बांधून फिरत होतीस. मी तुला चिडवलं होतं. विमानातली बाई म्हणालो होतो.

व्हर्नेटा: हो.

क्लिफ्टन: मला सांगितलं का नाहीस?

व्हर्नेटा: सांगून काय केलं असतंस? गाडी काढून त्या मोहल्ल्यात त्यांना शोधत फिरला असतास. मग मी रात्रभर दोघांची भीती धरून बसले असते, त्यांची आणि तुझी.

क्लिफ्टन: फिरलोच असतो.

व्हर्नेटा: तेच म्हणतेय.

क्लिफ्टन: आणि आईला?

व्हर्नेटा: ती म्हणाली असती, नोकरी सोड. मला नोकरी सोडायची नव्हती. फोन वाजतोय तुझा.

क्लिफ्टन: मार्सी आहे. हॅलो? …हो. …नाही गं, रांग आहे. …किती वेळानं घेतेय? …बरं. येतोय. म्हटलं ना येतोय!

व्हर्नेटा: किती वेळानं घेतेय?

क्लिफ्टन: मधलं अंतर वाढलंय म्हणते.

व्हर्नेटा: मग पोलीस ठाणं शोध. अलीकडचं, या गावातलं. ते ठेवून घेतात, असं दुकानदार म्हणाला होता.

क्लिफ्टन: पोलीस ठाणं. वा. काळी बाई, काळा भाऊ, काळी गाडी, आणि आत जाऊन म्हणायचं, नमस्कार, माझ्या पिशवीत भरलेलं पिस्तूल आहे. वाक्य पुरं व्हायच्या आत आपण दोघं जमिनीवर असू.

व्हर्नेटा: म्हणून आधी फोन करायचा. लाव. इकडे दे, मी बोलते. …हॅलो? माझं नाव व्हर्नेटा ग्रिग्ज. मी तुमच्या गावात पुलाजवळ आहे. माझ्याकडे लपवून बाळगायचा परवाना आहे आणि पिस्तूल आहे. मला पुलापलीकडे जायचंय, आणि ते तिथं चालत नाही असं मला आत्ता कळलं.

सार्जंट: बरं केलंत फोन केलात, मॅडम. मी सार्जंट डोब्रोस्की. पिस्तूल कुठं आहे?

व्हर्नेटा: माझ्या पिशवीत. पिशवी पायाशी.

सार्जंट: बरं. आता तिला हात लावू नका. गोळ्या काढायला जाऊ नका, नीट लावायला जाऊ नका, काही नको. ठाण्याच्या मागच्या अंगाला या. गाडीतच बसा. काचा खाली. तुमचे हात समोर, चालवणाऱ्याचे चाकावर. ती पिशवी मी बाहेर येऊन घेईन, बरं का. गाडी कुठली?

व्हर्नेटा: काळी. जुनी. पुढच्या दिव्याला चिकटपट्टी लावलीय.

सार्जंट: सोबत कोण आहे?

व्हर्नेटा: भाऊ. खूप बोलतो, पण चांगला आहे.

(ठाण्यामागचं पटांगण. भर दुपार.)

क्लिफ्टन: येतोय. एकटाच आहे. नाही, मागे आणखी एक जण उभा आहे दारात. नेटा, नाकाला खाज आली तरी हात हलवू नकोस.

व्हर्नेटा: हात पुढे ठेवू की वर धरू?

क्लिफ्टन: पुढेच ठेव. दिसतील असे.

सार्जंट: नमस्कार. तुम्ही ग्रिग्ज बाई. आणि हे भाऊ. साहेब, चाकावरची पकड जरा सैल केली तरी चालेल, तुमची बोटं चाकात रुतलीत.

क्लिफ्टन: नको. अशीच बरी आहेत.

सार्जंट: ठीक. मॅडम, मी तुमच्या बाजूचं दार उघडतोय. पिशवी उचलतोय. कुठल्या कप्प्यात?

व्हर्नेटा: मागच्या. चेन आहे. नळीत एक गोळी आहे.

सार्जंट: सांगितलंत ते बरं झालं. …हं. काढली. मॅगझिन वेगळं केलं. आता दोघंही श्वास घ्या. परवाना?

व्हर्नेटा: पुढच्या कप्प्यात, निळ्या पाकिटात. तुम्हीच घ्या.

सार्जंट: चालू आहे, मुदतीत आहे. परवाना काढताना हे कोणी सांगितलं नाही?

व्हर्नेटा: कोण सांगणार? अर्ज भरला, फोटो काढला. वर्ग नव्हता, परीक्षा नव्हती. मला वाटलं, सरकारनं दिलंय म्हणजे सरकार एकच असेल.

सार्जंट: पुष्कळांना तसं वाटतं. आमच्याकडे येतात ते थोडे. न येणारे पलीकडे सापडतात. कामाच्या दिवशी स्वतः यायचं, ओळख दाखवायची आणि घेऊन जायचं. भावाला पाठवायचं नाही, बरं का. ही पावती. कुठं निघालात एवढ्या घाईनं?

क्लिफ्टन: आई जातेय आमची.

सार्जंट: मग मला पत्ता लिहून घ्यायचा होता तो राहू दे, परत याल तेव्हा लिहू. डावीकडून बाहेर पडा, शाळेमागून. तो रस्ता रांगेच्या पुढे निघतो.

व्हर्नेटा: थँक यू.

सार्जंट: मॅडम, पिशवी विसरताय.

व्हर्नेटा: हो. हलकी झालीय, कळलंच नाही.

क्लिफ्टन: शाळा ही. डावीकडे. बघितलंस, माझा सदरा पाठीला चिकटलाय. आयुष्यात इतका वेळ गप्प बसलो नव्हतो. बोल ना काहीतरी. नेटा? रडतेयस का?

व्हर्नेटा: नाही. हात कुठं ठेवू ते कळत नाहीये.

क्लिफ्टन: त्यातला एक इकडे दे. मी एका हातानं चालवतो.

व्हर्नेटा: दोन्ही हात चाकावर ठेव. पूल आहे.

क्लिफ्टन: मग माझी बाही धर. लहानपणी धरायचीस तशी. नाही, तेव्हा मी तुझी धरायचो. …कसा दिसत होता तो? काचेत पाहिलास ना त्याला?

व्हर्नेटा: नाही सांगणार.

क्लिफ्टन: मी काही करणार नाही.

व्हर्नेटा: करशील. आणि आता मला त्याच्याबद्दल बोलायचं नाहीये. मागची गाडी कधीपासून आहे आपल्या मागे?

क्लिफ्टन: पुलावर सगळ्याच गाड्या कुणाच्या ना कुणाच्या मागे असतात. त्यात आजीबाई आहे एक. कुत्रा मांडीवर घेऊन चालवतेय.

व्हर्नेटा: दारं लावलीस का आतून?

क्लिफ्टन: लावली. निघताना विचारलंस, आता दुसऱ्यांदा विचारतेयस.

व्हर्नेटा: तिसऱ्यांदाही विचारेन. तिथं गाडी दूर लावू नकोस. मार्सीच्या दारासमोर लाव, दंडाची चिठ्ठी मिळाली तर मिळू दे. आणि उतरलास की माझ्या बाजूला ये. पुढे चालू लागायचं नाही.

क्लिफ्टन: बरं.

व्हर्नेटा: आजच नाही. मी सांगेपर्यंत.

क्लिफ्टन: बरं म्हटलं ना. फोन. मार्सी. तू घे, मला नाही घ्यायचा. घे तूच.

व्हर्नेटा: हॅलो? …मार्सी, रडू नको, नीट बोल. …डोळे उघडलेत? ओळखते? …फोन तिच्या कानाशी धर. अगदी जवळ. …आई? मी व्हर्नेटा. …हो, पुलावर आहोत. …हो, क्लिफ सावकाश चालवतोय. …उशीर झाला, माहितीये. …भीती वाटत होती गं मला, म्हणून. …कसली ते फोनवर नको, खूप आहे. येऊन सांगते. तेवढी जागी राहा.