मालनची भाजी

मालन : बास! बास म्हटलं ना! सात माणसं जेवायची आहेत आज, अख्खा मिरकरवाडा नाय.

हरिश्चंद्र : एवढीशीच तर चिरलीय.

मालन : एवढीशी? अख्खा भोपळा, अख्खा सुरण, तीन पडवळं! आणि हा टोप कुठून काढलात? हा लग्नकार्यातला आहे.

हरिश्चंद्र : मालन, एकतीस वर्षं मी शिपवर अठ्ठावीस माणसांचं जेवण केलं. माझा हात सातला थांबतच नाय. सात म्हटलं की वाटतं, बाकीचे आजारी पडले की काय.

मालन : मार्चमध्ये रिटायर झालात ना? मग हाताला पण सांगा तसं.

हरिश्चंद्र : सांगतो. पण आधी हा हात खाजायचा थांबू दे. बघ, कोपरापर्यंत लाल झालाय.

मालन : सुरण चिरायच्या आधी तेल लावा म्हटलं होतं मी.

हरिश्चंद्र : आमच्या गॅलीत, शिपच्या किचनमध्ये, ग्लोव्हज असायचे.

मालन : इथे बरणीत आमसुलं आहेत. ती चोळा दोन्ही हातांना. आणि आवाज करू नका. कोणी आलंच तर भाजी मी करतेय आणि तुम्ही पेपर वाचताय.

हरिश्चंद्र : उजव्या मनगटाला प्लास्टर, आणि सुरण तू चिरलास?

मालन : डाव्या हातानं. तसंच सांगितलंय मी हिराला. काल मूर्ती बसली तेव्हा काय म्हणाली, ऐकलंत ना? 'वयनी, तुम्ही कशाला धडपडता, यंदा ऋषीची भाजी मीच करून आणते. अळूचं काम आहे, जरा जपूनच असलेलं बरं.' जरा जपून! सगळ्यांच्या देखत!

हरिश्चंद्र : सख्खी जाऊ आहे तुझी. काळजीनं म्हणाली असेल.

मालन : काळजीनं? चौदा वर्षं ती माझ्या घरी पानावर बसली की आधी पिशवीतून आमसूल काढते आणि जिभेवर ठेवते. मग पहिला घास.

हरिश्चंद्र : बरं, बरं. पुढचं सांग. तेल तापवू?

मालन : कशाला?

हरिश्चंद्र : फोडणीला.

मालन : ऋषीच्या भाजीला फोडणी नाय. कांदा नाय, लसूण नाय, मसाला नाय. मिरची, मीठ, चिंच, ओलं खोबरं. संपलं.

हरिश्चंद्र : शेवटी वरून थोडं बटर?

मालन : ऋषी काय पावभाजी खायचे?

हरिश्चंद्र : मग हे गाजर तरी? फ्रीजमध्ये होतं.

मालन : ठेवा ते मागे. शेतातलं गाजर चालत नाय आज. बैलाच्या कष्टाचं काही खायचं नसतं. म्हणून तर सगळं परसातलं आहे, कुदळीनं लावलेलं.

हरिश्चंद्र : अगो, गाजराच्या शेतात आता बैल कुठे राहिलाय? आपल्या हिराच्या गंगारामकडेसुद्धा पावर टिलर आहे. बैल कधीच रिटायर झाला, माझ्यासारखा. त्याला कसले कष्ट?

मालन : गाजर फ्रीजमध्ये ठेवा.

हरिश्चंद्र : ठेवलं.

मालन : आता अळू, अळूची देठं, सुरण आणि कणसं एकदम घाला. ती शिजत आली की पडवळ, शिराळं, भेंडी, माठ. लाल भोपळा शेवटी, नाहीतर गाळ होतो त्याचा. अहो, चमचा कशाला घेतलात?

हरिश्चंद्र : मीठ घातलं ना आता. चव बघतो.

मालन : हात खाली! देवाला दाखवायच्या आधी चव?

हरिश्चंद्र : मग मीठ बरोबर पडलं हे कळायचं कसं?

मालन : वासावरून.

हरिश्चंद्र : मिठाला वास नसतो.

मालन : तुमच्या शिपवर नसेल. आता चिंचेचा कोळ ओता. अगो बाय! एवढी चिंच? अर्धी बरणी भिजवलीत काय?

हरिश्चंद्र : असू दे. कमी पडायला नको.

मालन : आंबटढाण होईल सगळं.

हरिश्चंद्र : आंबट झालेलं चालेल. खाजलेलं नको.

मालन : हेच. हेच माझ्या डोक्यात चौदा वर्षं फिरतंय. मी चिंच घातली होती हो त्या वर्षी. पहिल्यांदा गणपती आपल्याकडे आला होता. मी आदल्या रात्रीच भिजवली, हिरव्या वाटीत, आणि ह्या हातानं ओतली. तरी गंगाराम भावोजींचा घसा असा धरला की संध्याकाळच्या आरतीला आवाजच फुटेना. नुसते टाळ्या वाजवत उभे.

हरिश्चंद्र : स्टीलची.

मालन : काय?

हरिश्चंद्र : वाटी. हिरवी नव्हती, स्टीलची होती.

मालन : तुम्हाला काय ठाऊक?

हरिश्चंद्र : गॅस बारीक करू का गो जरा?

मालन : गॅस राहू दे. वाटीचं बोला.

हरिश्चंद्र : मी रजेवर आलो होतो. शिपवरची सवय, पहाटे चारलाच जाग आली. देवापुढे समई बघितली, काळी पडलेली. पितळ काळं दिसलं की मला राहवत नाय, शिपवर त्यावरून ओरडा बसायचा. ओट्यावर चिंच भिजत होती. म्हटलं, आयतीच आहे. समई घासली. मग घंटा घासली. मग निरांजन.

मालन : माझ्या चिंचेनं?

हरिश्चंद्र : मला काय ठाऊक ती भाजीची आहे! उरलेल्या चोथ्यावर पाणी घातलं आणि वाटी होती तिथे ठेवून दिली. रंग तसाच दिसत होता.

मालन : म्हणजे मी भाजीत नुसतं पाणी ओतलं.

हरिश्चंद्र : थोडा वास होता चिंचेचा.

मालन : आणि समई लखलखत होती! सगळे बघत होते. हिरा म्हणाली, 'वयनीनं समई काय सुरेख घासलीय, भाजीकडे तेवढं लक्ष दिलं असतं तर!' आणि तुम्ही तिथेच बसला होतात, मोदक खात!

हरिश्चंद्र : सांगणार होतो. पण आठ दिवसांत शिपवर गेलो. फोन मिळायचा तीन मिनिटं, त्यात आपल्या गौरवच्या शाळेचं विचारायचं की चिंचेचं? पुढच्या रजेला आलो तर सगळ्याची गंमत होऊन बसली होती. सगळे हसायचे. तू पण हसायचीस.

मालन : मी हसायचे? हिराच्या दीपेशच्या लग्नात मला कुठे बसवलं होतं, आठवतं?

हरिश्चंद्र : मंडपात, पुढे...

मालन : लिंबं चिरायला. घरातल्या सगळ्या बायका टोपाजवळ, आणि मी, नवऱ्यामुलाची सख्खी काकी, मागच्या पायरीवर दोनशे लिंबं चिरत होते. हिरानं बसवलं, गोड बोलून. 'वयनी, लिंबाला काय खाज नसते.' त्या दिवसापासून मी परसात अळू लावलं नाय. हे आपलं आपण उगवलंय.

हरिश्चंद्र : चुकलं माझं. बोल काहीतरी, ओरड तरी.

मालन : एक हात प्लास्टरात आहे म्हणून वाचलात.

हिरा : वयनी! अगो, आहात ना आत?

मालन : आली मेली. पेपर घ्या, पेपर!

हरिश्चंद्र : कुठे आहे पेपर?

मालन : तो काय, भोपळ्याच्या सालींखाली!

हिरा : आले हां आत. अगोबाय, दादासुद्धा इथेच? मी आपली सहज आले. घरी मूठभर भाजी केली होती, म्हटलं डब्यात घेऊन जावी. लागली तर लागली, नाय लागली तर काय, आपलंच घर आहे.

मालन : नाय लागायची. टोप भरून झालीय.

हिरा : बघू, बघू! केवढी ओ ही! आणि सुरण किती सारखा चिरलाय, मशीनमध्ये घातल्यासारखा. एका हातानं? डाव्या? कमाल आहे तुमची. दादा, पेपर उलटा आहे. आणि हात का खाजवताय एवढे?

हरिश्चंद्र : डास चावले.

हिरा : दोन्ही हातांना? कोपरापर्यंत?

हरिश्चंद्र : सुरण मी चिरला, हिरा. भाजी मी केली.

हिरा : तरी म्हटलं!

हरिश्चंद्र : थांब, अजून आहे. त्या वर्षीची भाजी पण मीच खाजवली.

हिरा : म्हणजे ओ?

मालन : सांगा. समईपासून सांगा.

हरिश्चंद्र : तुझ्या वयनीनं भिजवलेली चिंच मी पहाटे समईला लावली आणि वाटीत पाणी भरून ठेवलं. तिला ठाऊकच नव्हतं. तिची काहीएक चूक नव्हती.

हिरा : असं झालं होय? असू दे मेलं. चौदा वर्षं झाली त्याला. कोण धरून बसलंय आता?

मालन : तुझ्या पिशवीत आत्ता आमसूल आहे की नाय?

हिरा : असतं आपलं, सवयीनं.

मालन : सवय कोणी लावली?

हिरा : वयनी, खरं सांगू? रागावणार नाय ना? मला त्या वर्षी खाजलंच नव्हतं.

मालन : काय?

हिरा : मी खाल्लीच नव्हती. मला अळू आवडतच नाय, लहानपणापासून. वाढून घेते आणि हळूच ह्यांच्या पानात सरकवते. म्हणून ह्यांचा घसा एवढा धरला, दोन पानांची खाल्ली ना त्यांनी! मग सगळेच खाजलं खाजलं म्हणायला लागले. मी एकटी कशी गप्प बसणार?

मालन : आणि ते आमसूल?

हिरा : आमसूल तोंडात धरलं की 'अजून वाढू का' असं कोणी विचारत नाय.

हरिश्चंद्र : मग तुमच्याकडे गणपती असतो तेव्हा एवढी भाजी करतेस कशी तू?

हिरा : चव बघायची नसते ना, म्हणून जमतं.

मालन : मला लिंबं चिरायला बसवलंस तू, हिरा.

हिरा : बसवलं.

मालन : दोनशे.

हिरा : चुकलंच माझं, वयनी. तेव्हा कळलं नाय. म्हणजे कळलं होतं, पण सगळ्यांसमोर मोठं व्हायला बरं वाटलं.

मालन : केळीची पानं पुस जा. आणि तो डबा घरी ने परत. अहो, तुम्ही. पंगतीत सगळं सांगायचं. पहिला घास घ्यायच्या आत, उभं राहून.

हरिश्चंद्र : सांगतो.

(नैवेद्य झाला, पंगत उठली. माजघरात गंगाराम ढेकर देत पंख्याखाली आडवा झाला आहे. स्वयंपाकघरात तिघंच.)

हिरा : वयनी, ह्यांनी चार वेळा घेतली ओ. आणि घसा बघा, आत्ताच घोरायला लागला.

मालन : दोनदा मीठ मागितलं त्यांनी.

हरिश्चंद्र : मी सांगत होतो, मिठाला वास नसतो.

हिरा : दादा, तुम्ही उभे राहून बोललात ना, 'भाजी मालनची, हात तेवढे माझे', तेव्हा दीपेशची रुचिरा रडायलाच लागली. नवी सून आहे, तिला वाटलं कोणीतरी गेलं.

मालन : तू काय केलंस तुझ्या पानातल्या भाजीचं?

हिरा : खाल्ली. सगळी. आमसुलाशिवाय.

मालन : आवडली?

हिरा : नाय. पण खाल्ली. चला, ही भांडी मी पडवीत नेते, तुम्ही दोघं बसा आता.

हरिश्चंद्र : बस गो. तुझं पान मी वाढतो.

मालन : तुम्ही पण घ्या. आणि ते कणीस सोलून दाणे काढून द्या मला, डाव्या हातानं जमत नाय. हं. लग्नाला अडतीस वर्षं झाली, तुमच्या हातचं आज पहिल्यांदा खातेय.

हरिश्चंद्र : कशी आहे?

मालन : चांगली आहे. आंबट आहे. चांगली आहे.

हरिश्चंद्र : मग राग गेला ना?

मालन : नाय.

हरिश्चंद्र : कधी जाईल?

मालन : बघू. प्लास्टर निघेपर्यंत तरी राहील. उद्यापासून सकाळचा चहा तुम्ही करायचा. मी उठायच्या आत. आणि अंथरुणात आणून द्यायचा. गौरवच्या वेळी बाळंतपणात आईनं दिला होता, त्यानंतर कोणी दिला नाय.

हरिश्चंद्र : देतो की. त्यात काय मोठं.

मालन : साखर किती घालाल?

हरिश्चंद्र : डेकवरच्या मुकादमाला, बोसनला, तीन चमचे लागायचे. कॅप्टनचा बिनसाखरेचा. सेकंड इंजिनियर मध घालून प्यायचा...

मालन : आणि माझी?

हरिश्चंद्र : कधी विचारलंच नाय गो मी.

मालन : दीड चमचा.