खळग्यातला दिवा

रस्त्यावर काय काय होतं? मोजा, मंडळी! आडवी पडलेली मोटारसायकल — एक. चप्पल — एकच. दुसरी सापडली नाही. क्लॅरिनेटची पेटी — एक, आतलं वाद्य शाबूत! ट्रॉली — एक. पण ती डांबराच्या बाहेर, मातीत. आणि माणसं — अकरा. त्यांतल्या एकानंही काही पाहिलं नव्हतं!

हसू नका. आधी सांगा — हातांनी पुण्य केलं आणि तोंडानं तेच लपवलं, तर त्या पुण्याचं काय होतं? नाही येत उत्तर? मलाही हा प्रश्न स्वस्थ बसू देत नाही. मग ऐका!

अंकुश पाचपुते. लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवायचा. दुसऱ्याच्या वरातीत गाल फुगवायचा, तेव्हा याच्या घरी चूल पेटायची. वैशाखातली दिवेलागण. चढावर सर्जेराव मोहित्यांची कडब्याची ट्रॉली उभी. ट्रॅक्टर बिघडला म्हणून सोडवून दुरुस्तीला नेलेला; मागे ट्रॉली — पुढच्या लोखंडी पायावर टेकलेली, भर रस्त्यात! दिवा नाही, लाल कापड नाही. अंकुश आला... आणि गेला.

लोक धावले. "अरे, अजून एखादा मरंल! ढकला बाजूला!" अकरा जणांनी खांदा लावला, ट्रॉली मातीत नेली. पुण्य की नाही? पुण्यच!

मग पोलीस आले पंचनाम्याला. बघतात तर ट्रॉली रस्त्याच्या बाहेर! सर्जेराव म्हणाले, "पहिल्यापासून तिथंच होती." आणि अकरा जण? गप्प! का? सर्जेरावांचा ट्रॅक्टर प्रत्येकाच्या पेरणीला लागतो! शिवाय भीती — जागा हलवली म्हणून पोलीस आपल्यालाच आत टाकतील.

अंकुशच्या बायकोनं, शेवंतानं भरपाईचा दावा लावला. विमा कंपनी म्हणाली, रस्ता मोकळा होता, हाच मातीत उतरून धडकला. चूक मेलेल्याची! म्हणजे दोन लेकरांच्या हाती काय? काही नाही!

शेवंता दारोदार फिरली. "म्हसूअण्णा, तुम्ही ढकललीत ना?"

"मी नुसता हात लावला होता गं."

दुसरा म्हणाला, "वहिनी, मी मागं होतो, पुढचं दिसलं नाही." तिसराही मागं. चौथाही मागं! सगळेच मागं — मग पुढची दांडी कुणी उचलली? देवानं?

कोर्टाची तारीख आली. अंकुशची आई गजराबाई साक्षीला उभी. कंपनीचे वकील हुशार! म्हातारीचं डोकं ठिकाणावर नाही, एवढंच दाखवायचं होतं त्यांना.

"आजी, रोज संध्याकाळी भर रस्त्यात दिवा लावता म्हणे?"

"व्हय."

"गाडीखाली याल ना! कडेला का नाही लावत?"

"कडंला वारा लागतो, दादा. तितं खळगा हाय. खळग्यात दिवा इझत न्हाई."

"खळगा कसला?" — अहो वकीलसाहेब, हे कशाला विचारलंत!

"ट्रॉलीच्या पायाचा. उनानं डांबर लोण्यावानी झालं हुतं. पाय रुतला हुता. माजं पोर त्याच्याच म्होरं पडलं हुतं."

टाळ थांबवा जरा! मागच्या बाकावर म्हसूअण्णा बसलेले — सर्जेरावांच्याच जीपमधून आलेले! म्हातारी त्यांना काही बोलली नव्हती. त्यांच्याकडे बघतही नव्हती. तेच सोसवेना! उठले.

सर्जेराव कुजबुजले, "अण्णा, खाली बसा. परतीला जीप नाही मिळायची."

"चालत जाईन." आणि न्यायाधीशांपुढे हात जोडले. "साहेब, ती दांडी मी उचलली. पाय डांबरातनं उपटून काढला. हात रॉकेलनं धुतले. मला आत टाकायचं तर टाका — पण ट्रॉली रस्त्यातच होती!"

मंडळी, वाटलं ना बरं? मग आता इकडे बघा! तुम्ही म्हणाल, आम्ही कधी कुणाला मारलं नाही. खरंय. त्या अकरांनीही नव्हतं मारलं! पण तुमच्या गावच्या रस्त्यावर कोण गेलं, काय हलवलं, कोण उभं होतं — विचारायला बाई दारात आली, तेव्हा तुम्ही कुठं होतात? मागं? मान खाली घालू नका, मी नाव विचारत नाही. रॉकेलनं डांबर निघतं, एवढंच मला ठाऊक आहे.

न्यायाधीशांनी माणूस पाठवला. गजराबाईनं त्या दिवशीचा दिवा उचलून बाजूला ठेवला. टेप लावली. डांबराच्या कडेपासून खळग्यापर्यंत, रस्त्याच्या आत — चार फूट दोन इंच.