सुनंदाचं पाकीट

काय सांगू तुम्हाला, आम्ही मूळचे पारोळ्याकडचे, बाप लूमवर कामाला म्हणून सुरतेत लिंबायतला आला अन्‌ इथंच संपला, मंग त्याच्या जागी मी उभा राहिलो. माझ्या पाठची सुनंदा, ती शिकली. गुजराती शाळेत गेली, कॉलेजला गेली, अन्‌ सरकारी क्लार्कच्या भरतीची लेखी परीक्षा पहिल्या फटक्यात पास झाली. आमच्या गल्लीत कोणाच्याच घरात सरकारी नोकरी नव्हती. कारखान्यातले लोक मला विचारत, तुझीच बहीण का? मी म्हणे, हो, माझीच.

त्याच वर्षी सुरतेत प्लेग आला. जो तो स्टेशनाकडे पळू राहिला होता. आम्हीबी खोलीला कुलूप घातलं अन्‌ गावी गेलो, आई, मी अन्‌ सुनंदा, तिचे दाखले तेवढे तिनं संगती घेतले. मागं सुरतेच्या खोलीवर पत्र आलं, अमुक तारखेच्या आत मूळ दाखले घेऊन गांधीनगरला हजर व्हा म्हणून. शेजाऱ्यानं ते गावाकडे येणाऱ्या माणसाजवळ पाठवलं. आमच्या हाती पडलं तेव्हा सहा दिवस बाकी होते.

सुनंदा म्हणे, मी जास भाऊ, एकलीच जास. मी म्हटलं, गाडी सुरतेवरूनच जाते, तुला काही झालं तर मी काय करू. आई रडाय लागली. मंग तिनं बसल्या जागी अर्ज लिहिला, प्लेगमुळे येता येत नाही, मुदत वाढवून द्या, अन्‌ पाकीट माझ्या हातात दिलं. भाऊ, आजच रजिस्टर कर. मी हो म्हटलं. अन्‌ केलं नाही बघा. काकाचा उडीद निघू राहिला होता, बाजाराच्या दिवशी तालुक्याला जायचंच आहे, तेव्हा टाकू, असं म्हणत म्हणत चार दिवस गेले. आळस म्हणा, दुसरं काय म्हणू.

प्लेगवाल्यांना मुदत वाढवून मिळाली, पण ज्यांचे अर्ज तारखेच्या आत पोचले त्यांनाच. सुनंदाचा एक दिवस उशिरा पोचला.

मंग अहमदाबादला हायकोर्टात गेलो. वकील भला माणूस होता. म्हणे, बेन, अर्जावरची तारीख अन्‌ पोस्टाचा शिक्का, मधी चार दिवस आहेत, जजसाहेब विचारणारच. भावानं उशीर केला असं लिहू, निदान चूक तुमची नाही हे तरी दिसेल. मी म्हटलं, लिहा साहेब, खरंच आहे ते. सुनंदा म्हणे, नका लिहू. अर्ज माझा, उशीर मीच केला. बाहेर आल्यावर मी तिच्यावर चिडलो, तर म्हणे, तो कागद कायमचा कोर्टात राहील भाऊ, त्यात तुझं नाव नको.

दोन वर्षं तारखा पडल्या. शेवटी जज म्हणाले, पत्र वेळेत हाती आलं होतं, चार दिवस का थांबले याचं कारण दिलेलं नाही, मुदत सगळ्यांना सारखीच. अर्ज फेटाळला. तोवर तिचं भरतीचं वयबी निघून गेलं.

आता ती लग्न होऊन इथंच उधन्याला असते. जावई मिलमध्ये आहेत, ती एका खाजगी शाळेत शिकवते, पोरं जीव लावतात तिला. देवानं तिला सुखात ठेवावं, एवढंच मागतो. राखीला येते, हसून बोलते, घरचं सगळं विचारते. इतक्या वर्षांत त्या पाकिटाचा एक शब्द तिनं काढला नाही. एकदा मनसोक्त भांडली असती ना, तर मला बरं वाटलं असतं.